दोर हुंगणारा सारंग

तुम्ही शेवटचं खोटं गप्प बसून कधी बोललात?

घाईनं उत्तर देऊ नका. तोंडानं बोललेली खोटी चटकन आठवतात. गप्प बसून बोललेली आठवायला वेळ लागतो, कारण त्यांचा आवाजच झालेला नसतो. माझं मी सांगते. परदेशात, पेनरोज नावाच्या भागातल्या एका पत्र्याच्या शेडमध्ये, सकाळी दहाच्या सुमारास, कधीच पाण्यात न उतरलेल्या एका जहाजाच्या डेकवर, पन्नासेक माणसांसमोर मी ते बोलले. माझ्या अ‍ॅप्रनच्या खिशात तेव्हा हिरव्या चिकटपट्टीचे चार तुकडे होते. आणि माझ्या समोर एक म्हातारा अनवाणी बसला होता, एका डोळ्यावर प्लास्टिकचं झाकण लावून, अंगाभोवती दोर गुंडाळून.

त्या म्हाताऱ्याबद्दल हे लिहिते आहे. माझ्याबद्दल लागेल तेवढंच.

टीव्ही मालिकेच्या सेटवर सगळे त्यांना सारंग म्हणत. आपल्या खलाशांमध्ये डेकवरच्या माणसांचा जो मुकादम तो सारंग. पण तिथल्या मंडळींना ते त्यांचं नाव वाटे आणि रोजच्या कामाच्या यादीत तसंच छापून येई. त्यांनी कधी दुरुस्त केलं नाही. मूळचे हर्णैचे. सगळी उमर मालवाहू बोटींवर गेली. निवृत्त झाल्यावर मुलीकडे, फ्लॅट बुश नावाच्या उपनगरात आले. मुलगी फार्मासिस्ट, जावई आयटीत. चार बेडरूमचं नवं घर, सकाळी सातला दोघं दोन गाड्यांनी मोटरवेला लागत आणि मग संध्याकाळपर्यंत त्या रस्त्यावर माणूस दिसत नसे. "बंदरात जागा मिळंना म्हणून बाहेर नांगरून ठेवलेल्या बोटीसारखा होतो बघ," असं ते त्या दिवसांबद्दल म्हणत. शेजारचा सुतार आमच्या मालिकेचं जहाज बांधत होता. तो एकदा त्यांना गंमत म्हणून दाखवायला घेऊन आला. सारंग म्हणे डोलकाठीकडे बघून मिनिटभर हसले, मग एकदम थांबले आणि त्यांनी विचारलं, "ह्याच्यावर माणूस चढणाराय?"

सुतार म्हणाला, हो.

दुसऱ्या दिवशी ते डबा घेऊन आले आणि राहिलेच.

मालिका एका इंग्रज कप्तानाची. पहिल्या एलिझाबेथ राणीचा काळ. कप्तान देखणा, दाढी टोकदार, गाठ पडेल त्या स्पॅनिश जहाजावर उडी मारणार, सोनं लुटणार, आणि दर भागात एकदा तरी दोराला लटकून हवेतून झोका घेणार. जहाज अर्धंच होतं. कॅमेऱ्याला दिसते ती बाजू तेवढी. खाली पोलादी सांगाडा, तो यंत्रानं हलायचा. मागे निळा पडदा. समुद्र नंतर कॉम्प्युटरवर.

माझं काम जुनं करण्याचं. तिथं ते एक वेगळं खातंच असतं. नवा शर्ट आला की त्याच्या कोपरांवर सँडपेपर घासायचा, कॉलर कडक चहात बुडवायची, बुटांवर तारेचा ब्रश फिरवायचा, म्हणजे ते साडेचारशे वर्षांपूर्वीचे दिसतात. दोरांना रंग आणि हीट गन. ही केस वाळवायच्या मशिनसारखी दिसते, पण लाकडावरचा जुना रंग सोलवटून काढते. चार सेकंद धरली की तागाच्या दोरावरची लव जळते आणि दोर म्हातारा होतो.

माझे वडील पिंपरीच्या एका कारखान्यात युनियनची पत्रकं लिहायचे. आमच्या वह्यांना कव्हरं पत्रकांची, कपाटाच्या फळ्यांवर पत्रकं, भजी काढायची तीही पत्रकांवर. पत्रकाची सुरुवात प्रश्नानं करावी आणि शेवट मागणीनं, असं ते सांगत. मी त्या कागदांवर अक्षर ओळखायला शिकले, त्यामुळे पेनरोजच्या शेडमध्ये आले ती मत घेऊनच. चहाच्या सुट्टीत मी सगळ्यांना ते ऐकवत असे. एकदा सारंगांना ऐकवलं.

"काका, हा कप्तान चोर होता. दुसऱ्यांनी लुटलेलं सोनं लुटणारा चोर. आणि आपण त्याला हिरो करतोय."

"असंल गो बाय."

"असेल काय? होताच. तुम्हाला काही वाटत नाही?"

ते एका दोराचे पेड उघडून आत बघत होते. "वाटतं ना. चोराचापण दोर तुटता कामा नये, असं वाटतं."

आणि पुन्हा नाक दोरात घातलं.

हे हुंगणं म्हणजे शेडमधला रोजचा तमाशा होता. सकाळी ते सेफ्टी शूज जहाजाच्या शिडीपाशी काढून ठेवत, देवळाबाहेर ठेवावेत तसे, आणि अनवाणी वर जात. मग एकेक दोर हातात घ्यायचा, डोळे मिटायचे, लांब श्वास. त्यानंतर कमरेला लावलेली टोकदार पोलादी सळई काढून दोराचे पेड पिळून उघडायचे आणि आत बघायचं. वीतभर पुढे जाऊन पुन्हा तेच. तरुण पोरं मागून नकला करायची. मी विचारलं, वासात काय शोधता?

"बुरशी. अ‍ॅसिड. जळकं. बाहेरून दोर बरा दिसतो गो. दोराचं काय, विचारल्याशिवाय तो सांगत नाय."

प्रत्येक दोराला त्यांनी नाव दिलेलं होतं, हर्णैच्या माणसांचं. मुलीच्या फार्मसीतून मिळालेल्या, औषध कंपनीच्या डायरीत ते सगळे नोंदलेले. "तात्या कामाला चांगला, ओला झाला की आखडतो." "खोताची सून, दिसायला जाड, भरोसा नाय." "बाबल्या, ह्याला दोनदा बघावं." मोठ्या डोलकाठीच्या आडव्या वाशावरून जो लांब जाड दोर खाली येई, ज्यावर कप्तान झोका घेणार होता, त्याचं नाव आक्का. ती त्यांची थोरली बहीण. डायरीत तिच्यापुढे काहीच लिहिलेलं नव्हतं. मी का म्हणून विचारलं तर म्हणाले, "तिच्याबद्दल तक्रार नाय."

कप्तानाचे झोके कप्तान घेत नसे. ते घेई टामा. माओरी, टाकानिनीत राहणारा, दोन मुलींचा बाप, उंचीवरून पडण्याचे पैसे घेणारा माणूस. सारंगांना तो मातुआ म्हणे. वडीलधाऱ्या पुरुषाला तिकडे मानानं असं म्हणतात. सारंगांच्या डब्यातल्या सुक्या बोंबलांवरून मायक्रोवेव्हवर पाटी लागली होती, मासे गरम करू नयेत म्हणून. तेव्हापासून ते बाहेर कचऱ्याच्या मोठ्या डब्याशेजारी क्रेटवर बसून जेवत, आणि टामा त्यांच्या शेजारी बसून त्यांचे बोंबील खाई. "हीप्स गुड, मातुआ," असं म्हणत बोटं चाटी. सारंगांना इंग्रजी बोटीपुरतं येत होतं. दोघं कशावर बोलत हे मला कधी कळलं नाही, पण हसू ऐकू येई. सारंगांनी खांद्यावर थाप मारल्याशिवाय टामा दोराला हात लावत नसे.

ग्रेगचं आणि त्यांचं मात्र दर आठवड्याला वाजे. ग्रेग सेफ्टीचा मुख्य. वाईट माणूस नव्हता. मुद्दाम सांगते, कारण पत्रकात अशा माणसाला वाईट करून टाकणं फार सोपं असतं. तो म्हणे, बूट घाल. सारंग म्हणत, बूट घालून डेकचं काय कळतं? तो म्हणे, मेट, म्हणजे दोस्ता, नियम आहे. सारंग म्हणत, येस सर, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा अनवाणी. ग्रेगच्या फाइलमध्ये तीन लेखी ताकिदी जमल्या होत्या.

मला उंचीची भीती वाटते. एकदा डोलकाठीवर डाग लावायला शिडीनं चढले आणि मध्येच थिजले. ना वर, ना खाली. सारंग खालून म्हणाले, "भीती वाटते?"

"हो."

"वाटू दे. हातात ठेव फक्त. पायात उतरू देऊ नको. भ्यालेला हात घट्ट धरतो. पाय भ्याला की संपलं."

मी हात घट्ट धरले आणि उतरले. मला वाटलं, मी शिकले.

आता त्या आठवड्याचं. आमच्याकडे दोर दोन जातींचे. शोभेचे आणि भाराचे. शोभेचे तागाचे, नुसते लोंबायला. भाराचे दिसायला तागासारखे पण सिंथेटिक, माणसाचं वजन त्यांच्यावर येणार. दोन्ही ओळखू यावेत म्हणून भाराच्या दोरांच्या टोकाला हिरवी चिकटपट्टी. हिरव्या पट्टीच्या दोराला आमच्या खात्यानं हात लावायचा नाही. आणि शॉटसाठी पट्टी काढावीच लागली, तर काढणाऱ्यानं ती परत लावेपर्यंत त्या दोरापासून हलायचं नाही. हा नियम शेडच्या दारावर लिहिलेला होता.

मंगळवारी क्लोजअप चालू असताना स्पीकरवरून दिग्दर्शकाचा आवाज आला, "सोळाव्या शतकात ही हिरवी पट्टी कोणी विकत घेतली?" सगळे हसले. डेकवर मीच जवळ होते. मी चार दोरांच्या पट्ट्या सोलून काढल्या आणि अ‍ॅप्रनच्या खिशात घातल्या. मला बरं वाटलं. चूक दाखवली गेली होती आणि मी ती पुसली होती. तेवढ्यात जहाज हलवणारं यंत्र अडकलं. शॉट रद्द. जेवायची सुट्टी झाली. दुरुस्तीसाठी माणसांनी मोठ्या डोलकाठीचे दोर उतरवून खाली वेटोळी करून ठेवले. मी जेवायला गेले. जेवून आले तर शर्टांचा गठ्ठा वाट बघत होता.

बुधवारी सारंग नव्हते. त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन होतं. मला निरोप आला की दोर अजून नवे वाटतात, हार्डवेअरच्या दुकानातून आणल्यासारखे. उद्या झोक्याचा शॉट आहे, त्याआधी खालचा ढीग जुना करून टाक. मी ढीग पाहिला. कशालाच पट्टी नव्हती. पट्टी नाही म्हणजे शोभेचा. नियम मला पाठ होता. पट्टी मीच काढली होती, हे त्या क्षणी मला आठवलं नाही. विश्वास ठेवा किंवा ठेवू नका. अ‍ॅप्रन माझ्या अंगावर होता.

दिवसभर मी हीट गन फिरवली. एक जाड दोर काही केल्या म्हातारा होत नव्हता, त्याची लव जळतच नव्हती. म्हणून मी त्याच्यावर गन जास्त वेळ धरली. मग तारेचा ब्रश, मग चहा, मग तपकिरी रंग. संध्याकाळी तो इतका सुंदर दिसत होता की मी फोटो काढून आईला पाठवला.

गुरुवारी सकाळी पावणेदहाला मी डेकवर गेले तेव्हा तो दोर मोठ्या डोलकाठीवरून लोंबत होता. त्याच्या टोकाला नवीन हिरवी पट्टी होती. लांबीवरून ग्रेगनं ओळखलं होतं की हा झोक्याचा. पट्टी गळून पडली असेल म्हणून त्यानं दुसरी लावली, कागदावर सही केली. रंग दिसत होता, आतलं कोणाला दिसणार? मी पेन्सिल काढायला खिशात हात घातला आणि बोटांना काहीतरी चिकटलं.

मला पुढची पंधरा मिनिटं अजून मिनिटामिनिटानं आठवतात. खाली टामा कप्तानाचा कोट चढवून पट्टे आवळत होता. पट्टे त्याच दोराला जोडायचे होते. झोका डेकवरून निघून कठड्याबाहेर जाणार होता, आणि कठड्याबाहेर सिमेंट होतं. मला फक्त पाच शब्द म्हणायचे होते. हा दोर मी तापवला आहे. ग्रेग माझ्यापासून दहा पावलांवर उभा होता. मी मनात म्हणत होते, त्यानं तपासलाय. मी म्हणत होते, उष्णता आतपर्यंत गेली नसेल. मी म्हणत होते, माझ्या व्हिसावर या कंपनीचं नाव छापलेलं आहे, नोकरी गेली की देश गेला. आईला पाठवलेला फोटो आठवत होता. माझे तळवे कोरडे होते. थरथर सगळी गुडघ्यांखाली होती.

सारंग आले. डोळ्यावर ते झाकण, हातात डबा. मुलीनं घरी राहा म्हटलं असणार. बूट काढले, वर आले. पहिला दोर, दुसरा दोर. तात्या. बाबल्या. मग आक्का. डोळा मिटला, श्वास घेतला, आणि त्यांचा चेहरा बदलला. पुन्हा हुंगलं.

"हिला चहा पाजलाय," ते मराठीत म्हणाले, कोणालाच उद्देशून नाही. आणि मग, "चहाच्या खाली जळकं आहे."

ग्रेग म्हणाला, "सारंग, तो झालाय. पट्टी बघ."

"नो सर. धिस रोप सी फायर."

"तपासलाय मी. कॅमेरा तयार आहे. आणि तुला आज एकच डोळा आहे, मेट."

कोणीतरी हसलं. सारंगांनी सळई काढली, तर ग्रेगनं हात पुढे केला: शॉटच्या आधी दोराला हत्यार लावायचं नाही. मुख्य नट घड्याळ बघत होता. खालून टामानं विचारलं, "ऑल गुड, मातुआ?"

तेव्हा सारंग खाली बसले. आक्काचं टोक त्यांनी कमरेभोवती दोनदा घेतलं आणि डेकवर मांडी घालून बसले, जेवायला बसावं तसे. आणि त्या सगळ्या माणसांना विचारलं, आधी इंग्रजीत, मग मराठीत.

"हू गिव्ह फायर? टेल मी. नो अँग्री." आणि मग, "कोणी तापवली हिला? सांगा. मी रागावणार नाय."

मराठी तिथं मला एकटीलाच कळत होतं.

त्यांनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. माझी पाळी आली तेव्हा तोंडाकडे नाही, हातांकडे पाहिलं. माझ्या नखांत तपकिरी रंग होता. किती वेळ पाहिलं? दोन श्वास असतील. मग त्यांनी नजर काढून घेतली. माझं नाव त्यांनी घेतलं नाही. मी थांबले होते, ते घेतील म्हणून. खरं सांगते, मला ते घ्यायला हवं होतं. म्हणजे मला सांगावं लागलं नसतं.

त्यांनी डब्याच्या पिशवीतून चाकू काढला, कांदा चिरायचा, आणि आक्का कापली. एका ठिकाणी नाही, दोन ठिकाणी, म्हणजे गाठ मारूनही ती वापरता येऊ नये. बहिणीच्या नावाचा दोर. कापताना ते तिला काहीतरी म्हणत होते, ते मला ऐकू आलं नाही.

"सारंग," ग्रेग हळूच म्हणाला, "खाली ये."

चाकू, अनवाणी पाय, एक डोळा, तीन ताकिदी. कामावरून काढल्याचा कागद लिहायला वेळ लागला नाही. त्यांचे बूट एका पिशवीत घालून दिले. मुलगी फार्मसीतून निघून येईपर्यंत ते गेटबाहेर, ट्रकांच्या येण्याजाण्यात, ती पिशवी धरून उभे होते. मी माल उतरवायच्या दारातून बघत होते. दोर कोणी उघडून पाहिला नाही. तुकडे कचऱ्याच्या डब्यात गेले. दुपारी नवा दोर आला, टामानं झोका घेतला, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या.

सुटायच्या वेळी मी डब्यातून आक्काचा हातभर तुकडा काढला. सारंगांची सळई डेकवर राहिली होती, ती कोणीतरी माझ्या सामानात टाकली होती. मी पेड उघडले, त्यांना बघून बघून येत होतं तेवढं. आतले तंतू एकमेकांत वितळून काचेसारखे झाले होते. वाकवले की कट्कन तुटत. टामाचं वजन त्यावर आलं असतं, आणि तो कठड्याबाहेर असता. मी तिथंच, जिथं ते दोघं बोंबील खात, त्या क्रेटवर बसले. तुकडा खिशात घातला, पट्ट्यांशेजारी.

शनिवारी सळई परत करायला फ्लॅट बुशला गेले. मुलीनं दार उघडलं.

"ये गं. बाबा गॅरेजमध्ये आहेत." मग आवाज खाली आणून, "तूच सांग, चाकू काढायची गरज होती का? त्यांच्या कागदावर 'धोकादायक' लिहिलंय. काल दुसऱ्या एका सेटवर विचारलं, त्यांनाही कळलेलं होतं. आता दिवसभर तिथं बसतात. हे काम मिळालं तेव्हापासून आई गेल्यानंतर पहिल्यांदा धड जेवायला लागले होते."

गॅरेजमध्ये ते बादली उपडी घालून बसले होते, कपडे वाळत घालायची दोरी मांडीवर. मी सळई पुढे केली. त्यांनी ती घेतली, पुसली.

"काका, मला सांगायचंय."

"चहा घेतलास?"

"काका, तो दोर..."

"माहीत आहे गो. बस."

बसायला दुसरी बादली होती. त्यांनी दोरीची एक गाठ सोडवली. मग त्यांनी मला एका माणसाचं सांगितलं. त्यांच्याच आळीतला, त्यांच्याच शिफारशीनं बोटीवर लागलेला. बंदरात असताना बोटीच्या अंगाला रंग द्यायला तो दोरावर लटकवलेल्या फळीवर बसून उतरला. दोर सारंगांनी पाहिला होता. पाहिला म्हणजे नुसता डोळ्यांनी. चहा थंड होत होता. तो दोर पूर्वी कधीतरी अ‍ॅसिडच्या पिंपाजवळ पडलेला होता. वरून बरा होता.

"चौकशी झाली. मी म्हटलं, त्याचा हात सुटला. त्याच्या आईलापण तेच सांगितलं, घरी जाऊन. ती म्हणाली, लहानपणापास्नं वेंधळाच होता." त्यांनी दोरी खाली ठेवली. "तिनं मला जेवायला वाढलं."



"चाळीस वर्षं मी दोर हुंगतोय," सारंग म्हणाले. "लोकांना वाटतं, काय हुशार माणूस." त्यांनी माझ्याकडे त्या एका डोळ्यानं पाहिलं. दुसरा झाकणामागे पाणावत होता, औषधानं असेल. "तुला हुंगायचंय का?"

आतून मुलीनं चहा झालाय म्हणून हाक मारली.

सोमवारी, पहिल्या चहाच्या आधी, मी ग्रेगच्या टेबलावर चार हिरव्या पट्ट्या आणि आक्काचा तुकडा ठेवला. म्हटलं, ह्या मी काढल्या आणि हा मी तापवला. सारंगांना माहीत होतं. त्यांनी मला वाचवलं, आणि टामालाही.

ग्रेगनं तुकडा वाकवून पाहिला. तो कट्कन तुटला. ग्रेग एकदम म्हातारा दिसायला लागला. त्या दोराच्या कागदावर त्याची सही होती. "हे मला वर पाठवावं लागेल," तो म्हणाला. "त्याचा अर्थ तुला माहीत आहे?"

"हो."

"टामाला तू सांगशील की मी?"

"मी."

टामा गाडीतून सामान काढत होता. मी सांगितलं. तो ऐकत राहिला, डिकी उघडीच. मला वाटलं ओरडेल. मला वाटलं मारेल. त्यानं इतकंच विचारलं, "मातुआ कुठं राहतो?"

पुढच्या रविवारी तो दोन्ही मुलींना घेऊन फ्लॅट बुशला गेला. सारंगांच्या मुलीनं मला फोन करून सांगितलं. तिच्या आवाजात माझ्यासाठी काही नव्हतं, आणि ते बरोबर आहे.

हे लिहिताना वरून उत्तर आलेलं नाही. सारंगांच्या कागदावरचा शब्द अजून तसाच आहे. तो खोडावा अशी मागणी मी लेखी दिली आहे. माझ्याही नावाचा कागद कुठल्यातरी टेबलावर असणार. फोन वाजला की आधी नंबर बघते, ईमेलची खूण दिसली की हात गार पडतात. मालिकेची जाहिरात मात्र आली आहे. त्यात कप्तान कठड्याबाहेर झेपावतो, हातात तलवार, खाली कॉम्प्युटरचा समुद्र. माझी रूममेट म्हणाली, "काय भारी आहे." मला खाली सिमेंट दिसतं.

भीती गेलेली नाही. ती मी हातात ठेवायला शिकते आहे.

तुम्ही इस्पितळात असाल, कारखान्यात असाल, कॉम्प्युटरसमोर असाल. तुमच्याही खिशात अशी एखादी पट्टी असेल. कामाच्या घाईत, चांगलं दिसावं म्हणून काढलेली, परत लावायची राहिलेली. कोणीतरी तुमच्याऐवजी गेटबाहेर बूट धरून उभं असेल, किंवा उद्या दहा वाजता उभं राहणार असेल. माझी मागणी एवढीच आहे. उद्या कामावर गेलात की पहिल्या चहाच्या आधी ती पट्टी टेबलावर ठेवा आणि मोठ्यानं म्हणा, ही मी काढली.